खेळ चालू, आवाज बंद!

'हॅलो, ऐकू येतंय का?' हा प्रश्न ट्रंककॉलच्या जमान्यात घराघरांतून ओरडून विचारला जात असे. दूरध्वनी सुधारला आणि हा प्रश्न मागे पडला. आता मोबाइलवर किंवा संगणकावर सामूहिक ऑनलाइन खेळ खेळणाऱ्या मुलांच्या खोल्यांतून तोच प्रश्न पुन्हा ऐकू येऊ लागला आहे. पडद्यावर खेळ सुरळीत चालू असतो, सहकारी धावताना दिसतात, गोळीबाराचा आवाजही कानी पडतो. सहकाऱ्यांचे बोलणे तेवढे येत नाही. किंवा त्यांचे येते, आपले जात नाही.

मग हेडफोन काढून पुन्हा लावणे, खेळ बंद करून पुन्हा सुरू करणे, राउटर बंद-चालू करणे आणि यातले काहीच लागू पडले नाही की नवा हेडफोन विकत आणणे, असा ठरलेला क्रम सुरू होतो. पुष्कळदा नव्या हेडफोननंतरही परिस्थिती तीच राहते. वरवर क्षुल्लक वाटणाऱ्या या तक्रारीच्या मुळाशी गेल्यास असे दिसते, की खेळातला आवाज एका लांब साखळीतून प्रवास करतो. तिचा एक दुवा खेळाडूच्या हाती, दुसरा इंटरनेट पुरविणाऱ्याकडे, तिसरा खेळाच्या कंपनीकडे आणि चौथा अलीकडच्या काळात कायद्याकडे आहे. दुरुस्तीची जबाबदारी मात्र एकट्या खेळाडूवर टाकली जाते.

चैनीतून गरजेकडे

खेळताना परस्परांशी बोलता येणे ही एकेकाळी चैन होती. शतकाच्या सुरुवातीला संगणकावरील खेळाडू 'टीमस्पीक' व 'व्हेंट्रिलो' यांसारखी वेगळी साधने वापरत. मायक्रोसॉफ्टने नोव्हेंबर २००२ मध्ये 'एक्सबॉक्स लाइव्ह' सुरू केले, तेव्हा सोबत हेडसेट देऊन बोलण्याची सोय खेळाचाच भाग बनविली. २०१५ मध्ये आलेल्या 'डिस्कॉर्ड'ने ती सर्वदूर नेली. भारतात ही सवय घरोघरी पोचविली ती 'पबजी मोबाइल'ने. केंद्र सरकारने सप्टेंबर २०२० मध्ये त्यावर बंदी घातली. जुलै २०२१ मध्ये त्याचाच भारतीय अवतार 'बॅटलग्राउंड्स मोबाइल इंडिया' या नावाने आला, जुलै २०२२ मध्ये तोही ॲप स्टोअरमधून हटविण्यात आला आणि मे २०२३ मध्ये परतला. या साऱ्या चढउतारांत चौघांनी एकत्र येऊन बोलत खेळण्याची पद्धत मात्र कायम राहिली.

पुढे तर या खेळांना स्पर्धेची प्रतिष्ठा लाभली. २०२३ मध्ये हांगझोऊ येथे झालेल्या आशियाई क्रीडा स्पर्धेत ई-स्पोर्ट्सला पदके होती. ऑगस्ट २०२५ मध्ये संमत झालेल्या ऑनलाइन गेमिंगविषयक केंद्रीय कायद्याने पैशांच्या खेळांवर बंदी घालताना ई-स्पोर्ट्सला मात्र क्रीडाप्रकार म्हणून मान्यता दिली. सांघिक खेळात सहकाऱ्याची सूचना अर्धा सेकंद उशिरा पोचली, तर डाव हातचा जातो. त्यामुळे आवाजाची तक्रार आता निव्वळ मुलांची कुरकुर राहिलेली नाही.

आग रामेश्वरी, बंब सोमेश्वरी

दोष एका ठिकाणी आणि उपाय दुसऱ्याच ठिकाणी, असा प्रकार या बाबतीत सर्रास होतो. तो टाळण्यासाठी कोणत्याही सेटिंगला हात लावण्यापूर्वी चार प्रश्नांची उत्तरे मिळविणे उपयुक्त ठरते. ऐकू येत नाही की आपला आवाज जात नाही? ही अडचण सगळ्यांच्या बाबतीत आहे की एकाच सहकाऱ्याच्या? तोच माइक दुसऱ्या एखाद्या ॲपमध्ये चालतो का? आणि खेळातील लेखी संदेश जातात का?

माइक कोठेच चालत नसेल, तर दोष हेडफोनचा, तारेचा किंवा परवानगीचा असतो. अँड्रॉइडमध्ये २०१५ च्या सहाव्या आवृत्तीपासून प्रत्येक ॲपला माइकची परवानगी वेगळी द्यावी लागते. पहिल्यांदा खेळ उघडताना घाईत 'नाही' म्हटले गेले, की तो नकार कायम राहतो. २०२१ च्या बाराव्या आवृत्तीपासून संपूर्ण फोनचा माइक एका स्पर्शाने बंद करणारे बटणही आले आहे. ते चुकून दाबले गेल्यास सगळीच ॲप्स मुकी होतात. विंडोज १० च्या एप्रिल २०१८ मधील सुधारणेनंतरही असाच गोंधळ उडाला होता. गोपनीयतेच्या पानावरील माइकची एक कळ बंद असेल, तर संगणकावरील साध्या प्रोग्रॅमांनाही आवाज मिळेनासा झाला. फोनवर त्याच वेळी दुसरा कॉल चालू असल्यास माइक त्या कॉलच्या ताब्यात जातो, ही बाबही अनेकांच्या लक्षात येत नाही.

माइक इतरत्र चालतो, पण खेळात चालत नाही, असे असेल तर खेळाची स्वतःची सेटिंग तपासावी लागते. संगणकाला वेबकॅम, हेडफोन आणि मॉनिटर जोडलेले असतील, तर खेळ भलताच माइक निवडून बसतो. मोबाइलवरील खेळांत केवळ गटाशी बोलायचे की आसपासच्या सर्वांशी, याचे पर्याय वेगळे असतात. चौघांपैकी दोघांनी वेगवेगळे पर्याय निवडले असल्यास यंत्रणा ठणठणीत असूनही संवाद होत नाही. एकाच सहकाऱ्याचा आवाज येत नसेल, तर त्याला पूर्वी कधीतरी म्यूट केले गेले नाही ना, हे आधी पाहावे.

बिनतारी हेडफोनची कथा आणखी निराळी. गाणी ऐकताना उत्तम वाजणारा महागडा ब्लूटूथ हेडफोन खेळात माइक चालू करताच जुन्या रेडिओसारखा घोगरा होतो. विकत घेणाऱ्याला आपण फसलो, असे वाटते. वास्तविक पारंपरिक ब्लूटूथमध्ये उत्तम दर्जाचा आवाज एकाच दिशेने जाऊ शकतो. माइकही वापरायचा असेल, तर यंत्रणा फोनवरील संभाषणाच्या जुन्या पद्धतीकडे वळते आणि दर्जा घसरतो. 'एलई ऑडिओ' या नव्या मानकात यावर तोडगा आहे. पण त्यासाठी फोन व हेडफोन या दोन्हींत ती सोय असावी लागते. तोपर्यंत साधा तारेचा हेडफोन यात सरस ठरतो.

चाळीचा एकच पत्ता

लेखी संदेश जातात, खेळही चालतो, माइकही ठीक आहे आणि तरीही आवाज नाही, अशा वेळी संशयाची सुई इंटरनेटकडे वळते. लेखी संदेश साधारणतः पोचपावती घेणाऱ्या पद्धतीने पाठविले जातात. आवाज मात्र 'यूडीपी' या पोचपावतीशिवायच्या वेगवान पद्धतीने जातो. हरवलेला तुकडा पुन्हा मागवून घेण्याइतका वेळ संभाषणात नसतो, हे त्याचे कारण. अनेक वसतिगृहे, महाविद्यालये आणि कार्यालये यांच्या जाळ्यांत हीच वाट सुरक्षेच्या कारणास्तव अडविलेली असते. काही व्हीपीएन सेवाही ती हाताळत नाहीत. डिस्कॉर्डवर दिसणारा 'नो रूट' हा संदेश पुष्कळदा याचेच लक्षण असतो. याची परीक्षा सोपी आहे: वाय-फाय बंद करून मोबाइल डेटावर जोडून पाहावे. आवाज आला, तर दोष जाळ्याचा आहे आणि नवा हेडफोन घेण्याचे कारण नाही.

दुसरा अडथळा पत्त्यांचा आहे. इंटरनेटचे जुन्या पद्धतीचे पत्ते जागतिक साठ्यातून २०११ मध्येच संपले. तेव्हापासून अनेक सेवा कंपन्या शेकडो ग्राहकांना मिळून एकच सार्वजनिक पत्ता देतात. गल्लीतल्या केबलवाल्याकडून घेतलेल्या ब्रॉडबँडमध्ये हे विशेष आढळते. चाळीचा पत्ता माहीत आहे, पण खोलीचा क्रमांक नाही, अशी गत होते. घरातून बाहेर जाणारे पत्र जाते; बाहेरून आपणहून येणाऱ्याला दार सापडत नाही. आवाज कंपनीच्या सर्व्हरमार्फत जात असेल, तर यामुळे फारसे बिघडत नाही. दोन खेळाडूंची यंत्रे थेट एकमेकांना जोडली जात असतील, तेव्हा मात्र कोंडी होते. एक्सबॉक्सवर 'नॅट' या नावाखाली ओपन, मॉडरेट वा स्ट्रिक्ट असे जे शेरे दिसतात, ते याच दाराविषयी असतात. अशा ग्राहकाने घरच्या राउटरमध्ये कितीही खटपट केली, तरी उपयोग मर्यादित. कारण अडलेले दार सेवा कंपनीच्या इमारतीत असते. नव्या पद्धतीचे, म्हणजे 'आयपीव्ही ६' चे पत्ते किंवा स्वतंत्र सार्वजनिक पत्ता मागणे हाच खरा उपाय.

वेगाचा भ्रम

आवाज येतो, पण तुटक येतो, ही तक्रार सर्वाधिक फसवी म्हणावी लागेल. तिच्यावर अधिक वेगाची योजना घेण्याचा सल्ला हमखास दिला जातो. डिस्कॉर्डवरील संभाषणाचा नेहमीचा दर सेकंदाला ६४ किलोबिट इतका असतो. १०० मेगाबिटच्या जोडणीचा हा जेमतेम दीडहजारावा हिस्सा. तेव्हा वेग वाढवून काही साधत नाही. बोलणे सुमारे २० मिलिसेकंदांच्या तुकड्यांत कापून पाठविले जाते. हे तुकडे एकसारख्या अंतराने पोचले, तर आवाज सलग लागतो. मागेपुढे झाले किंवा गळाले, तर शब्द फाटतात. आंतरराष्ट्रीय दूरसंचार संघाच्या शिफारशीनुसार एका बाजूचा विलंब १५० मिलिसेकंदांच्या आत असेल, तर संभाषण सहज वाटते. म्हणजे नेमकेपणा वेगाहून महत्त्वाचा.

हा नेमकेपणा बिघडविणारी कारणे बहुधा घरातच असतात. वाय-फायच्या २.४ गिगाहर्ट्झ पट्ट्यात एकमेकांच्या आड न येणारे मार्ग तीनच आहेत. दाट वस्तीच्या इमारतीत त्यांवर डझनभर राउटरची गर्दी होते आणि ब्लूटूथही त्याच पट्ट्यात वावरते. घरात कोणी मोठी फाइल पाठवत असेल, तरीही आवाजाचे तुकडे रांगेत अडकतात. राउटर ५ गिगाहर्ट्झवर नेणे किंवा संगणकाला तार जोडणे, हे बिनखर्चाचे वा अल्पखर्चाचे उपाय येथे कामी येतात. तेवढ्याने भागले नाही, तर तक्रार सेवा कंपनीकडे न्यावी. दूरसंचार नियामक प्राधिकरणाच्या २०२४ च्या सेवादर्जा नियमावलीत केवळ वेगाचा विचार नाही. विलंब आणि पॅकेटची गळती यांचेही मापदंड आहेत. 'स्पीड तर पूर्ण येतो' हे सेवा कंपनीचे ठरलेले उत्तर त्यामुळे पुरेसे मानण्याचे कारण नाही.

कधी कधी दोष यांपैकी कोठेच नसतो. खेळ आणि आवाज हे अनेकदा वेगवेगळ्या सर्व्हरवर चालतात. आवाजाची सेवा दुसऱ्याच कंपनीकडून घेतलेली असते. म्हणून खेळाचा पिंग उत्तम दिसत असतानाही आवाज ठप्प असू शकतो. २० ऑक्टोबर २०२५ रोजी ॲमेझॉनच्या अमेरिकेतील क्लाउड केंद्रात बिघाड झाला, तेव्हा 'फोर्टनाइट' व 'रोब्लॉक्स' यांच्यासह असंख्य सेवा जगभर विस्कळीत झाल्या. अशा दिवशी घरातला राउटर दहा वेळा बंद-चालू करूनही काय साधणार?

मुद्दाम बंद केलेला आवाज

साखळीतील चौथा दुवा सर्वांत नवा आणि सर्वांत कमी चर्चिलेला आहे. काही वेळा आवाज बिघडलेला नसतो. तो बंद केलेला असतो. अमेरिकेच्या फेडरल ट्रेड कमिशनने 'फोर्टनाइट'च्या एपिक गेम्स या कंपनीविरुद्ध डिसेंबर २०२२ मध्ये केलेली कारवाई या दृष्टीने महत्त्वाची ठरली. लहान मुले अनोळखी प्रौढांशी खेळत असताना बोलण्याची सोय आपोआप चालू ठेवली, हा त्यातील एक प्रमुख आक्षेप होता. दोन प्रकरणांत मिळून ५२ कोटी डॉलर देण्याचे कंपनीने मान्य केले. त्यांपैकी साडेसत्तावीस कोटी डॉलर हा मुलांच्या गोपनीयतेच्या कायद्याखालील दंड होता. लहान व किशोरवयीन मुलांसाठी संवादाची सोय मुळात बंद ठेवावी, असेही बंधन घालण्यात आले.

त्यानंतर आवाजावरील पहारा वाढत गेला. रायट गेम्सने 'व्हॅलोरंट'मधील इंग्रजी बोलणे उत्तर अमेरिकेत जुलै २०२२ पासून नोंदविण्यास सुरुवात केली. 'कॉल ऑफ ड्यूटी'मध्ये २०२३ पासून शिवीगाळ व छळ ओळखणारी स्वयंचलित यंत्रणा बोलणे तपासू लागली. भारतात २०२३ च्या वैयक्तिक डेटा संरक्षण कायद्याने १८ वर्षांखालील मुलांच्या माहितीवर प्रक्रिया करण्यासाठी पालकांची पडताळता येण्याजोगी संमती आवश्यक केली. त्याचे नियम नोव्हेंबर २०२५ मध्ये अधिसूचित झाले असून, अंमलबजावणी टप्प्याटप्प्याने होणार आहे. मुलाचा नोंदविलेला आवाज हीदेखील वैयक्तिक माहितीच, हे लक्षात घेता येत्या काळात अल्पवयीन खेळाडूंच्या खात्यांवरील बोलण्याची सोय अधिक कडक होण्याची शक्यता दिसते.

देशोदेशींचे निर्बंध हा याच प्रश्नाचा आणखी एक पदर. संयुक्त अरब अमिरातीत परवानगी नसलेल्या इंटरनेट ध्वनिसेवा अडविल्या जातात. रशिया व तुर्कस्तान यांनी ऑक्टोबर २०२४ मध्ये डिस्कॉर्डवरच बंदी घातली. पुण्यातला मुलगा आणि दुबईतला त्याचा मावसभाऊ एकत्र खेळू शकतात, पण बोलू शकत नाहीत, असे होते ते त्यामुळे. येथे राउटरशी झटापट व्यर्थ आहे आणि व्हीपीएनची पळवाट तेथील कायद्याच्या कचाट्यात नेऊ शकते.

कारण कळायला हवे

बिघाड, अडथळा, शिक्षा, पालकांचा निर्णय आणि कायद्याचे बंधन या पाच अगदी भिन्न गोष्टी आहेत. खेळाडूच्या कानाला मात्र पाचही सारख्याच, म्हणजे शांतता. या शांततेचे कारण कंपनीला बहुतेक वेळा ठाऊक असते. खात्याचे वय तिच्याकडे नोंदलेले असते, शिवीगाळीबद्दल केलेली कारवाई तिचीच असते, सर्व्हर बंद पडला की प्रथम तिलाच समजते. तरीही मदतीच्या पानावर पहिला सल्ला राउटर बंद-चालू करण्याचाच असतो. त्यातून ग्राहकाचा पैसा हेडफोनवर आणि वेगाच्या योजनांवर वाया जातो, तो वेगळाच.

अधिक गंभीर बाब पालकांची आहे. मुलाच्या सुरक्षिततेसाठी मुद्दाम बंद ठेवलेली सोय बिघाड समजली गेली, तर घरातलेच कोणी मोठे माणूस ती 'दुरुस्त' करून देईल. वय वाढवून नवे खाते उघडून देईल. कायद्याने उभारलेली भिंत अशा रीतीने सद्हेतूनेच पाडली जाईल. माइकच्या चिन्हावर फुली मारण्याबरोबरच ती कोणी आणि कशासाठी मारली, हे एका ओळीत सांगणे तंत्रदृष्ट्या मुळीच अवघड नाही. 'ऐकू येतंय का?' या प्रश्नाचे उत्तर कधीकधी 'नाही' असेच राहणार. ते का, हे विचारण्याचा अधिकार मात्र खेळाडूला आणि त्याच्या पालकांना असायलाच हवा.