अनुभवाची अट आधी ठरवा, मग जाहिरात काढा!

कोर्टात अडकलेली भरती म्हणजे काय, हे नगर जिल्ह्यातल्या डिप्लोमावाल्या पोरांना विचारा. ज्याला आपण सरळ 'आरटीओची परीक्षा' म्हणतो, त्या सहायक मोटार वाहन निरीक्षक पदाचीच गोष्ट घ्या.

जानेवारी 2017 मध्ये एमपीएससीने या पदांची जाहिरात काढली. पूर्व झाली, मुख्य झाली, 2018 मध्ये शिफारस यादी लागली. पोरांच्या घरी पेढे वाटून झाले. आणि जूनमध्ये हायकोर्टाच्या नागपूर खंडपीठाचा निकाल आला की अनुभवाची सवलत देणारा राज्याचा नियमच चालणार नाही. नेमणुका लटकल्या. जुलै 2019 मध्ये सुप्रीम कोर्टाने तो निकाल रद्द केला, तेव्हा कुठं वाट मोकळी झाली. जाहिरातीपासून अडीच वर्षं! तोवर लग्नं अडली, कर्जं वाढली, काहींनी दुसरी नोकरी धरली.

भांडण कशावरून? केंद्राची 1989 ची अधिसूचना म्हणते, डिप्लोमा पाहिजे, जड वाहनाचं लायसन पाहिजे आणि नामांकित वर्कशॉपमधला एक वर्षाचा अनुभव पाहिजे. राज्याने 2016 च्या नियमात म्हटलं, अनुभव आणि लायसन निवडीनंतर परिवीक्षा काळात मिळवलं तरी चालेल. केंद्र एक बोलतं, राज्य दुसरं, आणि मधल्या मधे भरडलं जातं पोरगं.

मी अनुभवाच्या विरोधात नाही. हा माणूस गाडीला फिटनेस देतो. नगर-मनमाड रोडला रात्री दिव्याविना उभी असलेली उसाची ट्रॉली ज्यांनी बघितलीय, त्यांना फिटनेस म्हणजे काय हे सांगायला नको. आणि अट पाळायची म्हणून ज्यांनी वर्षभर तुटपुंज्या पगारावर गॅरेजात हात काळे केले, त्यांची तक्रार पण खोटी नाही. त्यांचं वर्ष फुकट गेलं का?

पण ती अट नीट वाचा. वर्कशॉप असं पाहिजे की जिथं हलकी वाहनं, मालट्रक आणि प्रवासी बस, तिन्हींची दुरुस्ती होते. पेट्रोलपण आणि डिझेलपण. आता सांगा, आपल्याकडं कार शोरूमला जाते, ट्रक हायवेच्या गॅरेजात, आणि लालपरी एसटीच्या आगारात. तिन्ही एका छपराखाली किती ठिकाणी दिसतात? पारनेर-पाथर्डीच्या पोराने हा अनुभव आणायचा कुठून? मग काय होतं, ते चहाच्या टपरीवर सुद्धा कळतं. काम मिळत नाही, कागद मिळतो. ज्याच्या ओळखीत गॅरेजवाला, त्याच्याकडं सर्टिफिकेट. प्रामाणिक पोरगं घरी बसतं. असल्या कागदाने रस्ता सुरक्षित होतो का?

उपाय सरकारच्या हातात आहे. एसटीच्या विभागीय कार्यशाळा आहेत, जिल्ह्याजिल्ह्यात शासकीय तंत्रनिकेतनं आहेत. डिप्लोमा झालेल्या पोरांना तिथं वर्षभर स्टायपेंडवर शिकवा, कार आणि ट्रकचं काम जोडून द्या, हजेरी ठेवा आणि तोच अनुभव धरला जाईल असं नियमात लिहा. केंद्राच्या अटीत बदल लागत असेल तर तो आधी मागून घ्या. आणि एकदा जाहिरात निघाली की शेवटची नेमणूक होईपर्यंत अटीला हात लावू नका.

कोर्टात गेलेल्या पोरांना नावं ठेवू नका. नियम गोंधळाचा असेल तर माणूस कोर्टातच जाणार. नियम लिहिणाऱ्या साहेबांचा पगार मात्र त्या अडीच वर्षांत एक दिवस थांबला नसेल.

आपल्या आमदार-खासदारांनो, पोरांच्या सत्काराला तुम्ही येता, फोटो काढता. आता एवढं अधिवेशनात विचारा. पुढच्या जाहिरातीआधी हा नियम सरळ करणार का, हो की नाही?

घरात एमपीएससीवालं पोरगं असेल तर ही पोस्ट त्याच्या आमदारापर्यंत पोचवा.