पैकीच्या पैकी?

काय दोस्तांनो, गणिताचा पेपर मिळाला का? समजा, तुमची सगळी गणितं बरोबर आली. कुठे एक लाल फुली नाही. पण वर गुण मात्र १०० पैकी ९८! तुम्ही धावत बाईंकडे गेलात, तर बाई म्हणतात, "अरे, दोन गुणांचा एक प्रश्न पेपरात छापायचाच राहिला!"

आता काय करायचं, रडायचं की हसायचं?

अमेरिकेत मोटारींच्या शर्यतीचा एक व्हिडिओ गेम खेळणाऱ्यांची अगदी हीच गत झाली होती. त्या गेमचं नाव 'ग्रान टुरिस्मो २'. जपानच्या काझुनोरी यामाउची यांनी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी तो प्लेस्टेशनसाठी बनवला. पहिला भाग १९९७ साली आला आणि हा दुसरा १९९९ च्या डिसेंबरात. त्यात सहाशेहून जास्त गाड्या होत्या, बरं का!

पण नुसती गाडी घेऊन भुर्रकन सुटायचं, असं नव्हतं. सुरुवातीला खिशात पैसे थोडेच. त्यात एखादी जुनी गाडी घ्यायची, शर्यत जिंकून बक्षीस मिळवायचं, त्या पैशांतून गाडी सुधारायची. आणि मोठ्या शर्यतींसाठी आधी लायसन्सच्या परीक्षा द्यायच्या! एका परीक्षेत गाडी जोरात पळवून नेमकी आखलेल्या पट्ट्यात थांबवायची. पट्टा ओलांडला की नापास. दुसरीत एकच वळण, पण ठरलेल्या वेळेत घ्यायचं. वेळ पाहून सुवर्ण, रौप्य किंवा कांस्य.

सुवर्ण मिळवायची युक्ती सांगू? वळणात शिरल्यावर ब्रेक दाबू नका. गाडी सरळ असतानाच वेग कमी करा, वळणाच्या आतल्या कडेजवळून जा आणि बाहेर पडताना वेग वाढवा. जो आत शिरताना घाई करतो, तो बाहेर पडताना मागे राहतो. सायकलवर हे सावकाश करून बघा. पण मैदानात हं, रस्त्यावर नाही!

यातली एक शर्यत तर तब्बल ६० फेऱ्यांची, ३०० किलोमीटरची. एका फेरीला दोन मिनिटं धरा आणि हिशेब करा. दोन तास झाले की नाही? मध्येच टायर झिजतात, ते बदलायला थांबावं लागतं.

गेम किती टक्के पूर्ण झाला, तेही पडद्यावर दिसे. मग काय, सगळ्यांना हवे १०० टक्के! पण सगळ्या शर्यती जिंकल्या, तरी अमेरिकेतल्या पहिल्या आवृत्तीत आकडा ९८.२ वर जाऊन थांबायचा. 'आपलंच काहीतरी राहिलं' असं वाटून कितीतरी जणांनी पुन्हा पुन्हा यादी तपासली असेल!

राहिलं होतं, पण बनवणाऱ्यांचं. सरळ रस्त्यावरची 'ड्रॅग रेस' गेममध्ये असणार होती. ती ऐनवेळी वगळली. टक्क्यांच्या हिशेबातून वजा करायची मात्र राहून गेली! पुढे चूक दुरुस्त झाली आणि कंपनीने सीडी बदलूनही दिल्या.

आता सांगा, ९८.२ वर थांबलेल्या मुलाला वळण कमी चांगलं घेता येत होतं का? मुळीच नाही! त्याची मेहनत पुरी होती, हिशेब अपुरा होता. म्हणून आकडा कमी दिसला की आधी आपली चूक जरूर शोधा. ती असेल तर सुधारा. पण नसेल, तर हा आकडा कशाचा, कोणी मोजला, हेही विचारायला शिका.

आणि आई-बाबा, तुम्हालाही एक विनंती. मुलगी ९८ गुण घेऊन घरी आली, तर "दोन कुठे गेले?" हे नंतर विचारा. आधी तिला विचारा, "काय काय जमलं गं तुला?"

चला, भेटू पुढच्या अंकात!