पर्ल हार्बरच्या फाटकाबाहेरच्या बाया

पर्ल हार्बर पाहायला जाणाऱ्यांची बस होनोलुलूमधल्या हॉटेलांपुढे सकाळी सहा-साडेसहालाच येऊन उभी राहते. माझी मावसबहीण तिथे एका इस्पितळात नर्स आहे. गेल्या वर्षी मी तिच्याकडे तीन आठवडे राहिले होते. तिने एक दिवस रजा काढून आम्हा दोघींची या सहलीची तिकिटे काढली. ॲरिझोना स्मारक, बोफिन पाणबुडी, मिसुरी युद्धनौका, परतीच्या वाटेवर शहराची फेरी आणि दिवसभर सोबत गाईड. पर्स-पिशवी काही आत नेता येत नाही, त्यामुळे वही गाडीतच राहिली आणि तिकिटाच्या मागच्या कोऱ्या बाजूवर मी टिपणे घेतली.

मी युद्धाची अभ्यासक नाही. एम.एस.डब्ल्यू. झाल्यापासून बारा वर्षे वस्तीत काम करते आहे, त्यातली पाच वेश्यावस्तीत. तेव्हा कुठलेही बंदर पाहिले की मला पहिला प्रश्न पडतो तो बंदरामागच्या गल्ल्यांचा. या लेखात जे म्हणायचे आहे ते त्या प्रश्नातूनच आलेले आहे.

सहल चांगली होती, हे आधी सांगते. ७ डिसेंबर १९४१ च्या रविवारी सकाळी जपानी विमानांनी या बंदरावर हल्ला केला. २,४०३ माणसे मेली. त्यातली १,१७७ एकट्या ॲरिझोना जहाजावरची. त्यांच्यापैकी नऊशेहून अधिक जणांचे अवशेष आजही त्या बुडालेल्या जहाजातच आहेत. जहाजाला कुठेही स्पर्श न करता त्याच्यावर आडवे पांढरे स्मारक बांधले आहे, १९६२ साली खुले झालेले. नौदलाच्या बोटीने तिथे नेतात. भिंतीवर सगळी नावे. खाली पाण्यात अजून तेलाचे थेंब वर येतात आणि पसरतात. बोटीत सेल्फी काढणारी मुलेसुद्धा तिथे गप्प झाली. मीही झाले. मेलेले पोरगेलेसे खलाशी होते, त्यांच्या आयांनी त्यांना मरायला पाठवले नव्हते. स्मारकाचा वास्तुविशारद आल्फ्रेड प्रेस हा ऑस्ट्रियाहून आश्रयाला आलेला. हल्ल्यानंतर त्यालाच 'शत्रूदेशीय' म्हणून छावणीत डांबले होते. हे गाईडने आपणहून सांगितले, याचे मला बरे वाटले.

मिसुरीबद्दल थोडक्यात. २ सप्टेंबर १९४५ रोजी टोकियोच्या उपसागरात याच जहाजाच्या डेकवर जपानच्या शरणागतीवर सह्या झाल्या. गाईडने सर्वात रंगवून सांगितली ती एका आत्मघातकी जपानी वैमानिकाची गोष्ट. एप्रिल १९४५ मध्ये त्याचे विमान जहाजावर आदळले. कप्तानाने त्याचे प्रेत लष्करी इतमामाने समुद्रार्पण करायचा हुकूम दिला आणि खलाशांनी रात्रीतून जपानी झेंडा शिवला. शत्रूच्याही मरणाला मान, असे ती म्हणाली. बसमधल्या लोकांनी माना डोलावल्या. गोष्ट खरी आहे आणि चांगलीही आहे.

पण मग बोफिनचे काय? ही पाणबुडी हल्ल्यानंतर बरोबर एक वर्षाने, ७ डिसेंबर १९४२ ला पाण्यात उतरवली, म्हणून तिला 'पर्ल हार्बरचा सूड घेणारी' म्हणतात. आत उतरल्यावर खलाशांच्या झोपायच्या फळ्या, स्वयंपाकाची चिंचोळी जागा, टॉर्पेडोच्या नळ्या सगळे पाहता येते. बुडवलेल्या प्रत्येक जहाजामागे एक छोटा झेंडा, ही पाणबुड्यांची हिशेबाची पद्धत. त्यातला एक झेंडा 'त्सुशिमा मारू'चा. हे नाव मला शांतता चळवळीतल्या एका जपानी मैत्रिणीने आधी सांगितलेले होते. १९४४ साली ओकिनावा बेटावर लढाई येणार असे दिसू लागले, तेव्हा जपानी सरकारने मुले, बायका, म्हातारी माणसे यांना हलवायचे ठरवले. शाळांमधून पालकांवर दबाव आला. मालवाहू जहाजात मुले कोंबली. २२ ऑगस्ट १९४४ च्या रात्री बोफिनने ते जहाज बुडवले. सुमारे १,५०० माणसे मेली, त्यात शाळकरी मुले ७८० च्या आसपास. आत मुले आहेत हे पाणबुडीला ठाऊक नव्हते. जहाजावर तशी काही खूणही नव्हती. वाचलेल्यांना जपानी लष्कराने तोंड बंद ठेवायला सांगितले. म्हणजे आपले पोर कुठे पोचले याची वाट पाहणाऱ्या आयांना दोन्ही सैन्यांनी मिळून फसवले असेच मी म्हणेन. एकाने नकळत, दुसऱ्याने पूर्ण जाणून.

मी गाईडला विचारले. ती पन्नाशीची, शांत बाई. म्हणाली, "खरं आहे ते. पण हा प्रश्न कुणी विचारत नाही, आणि आपल्याला पंचवीस मिनिटांत पुढची बस गाठायची असते." मावसबहीण मराठीत पुटपुटली, "अगं, सहलीला आलोय, साक्षीपुरावे कशाला काढतेस?" मला तिचाही राग आला नाही. दिवसभर इस्पितळात मरणे पाहणारी ती, तिला सुटीच्या दिवशी अजून आठशे मुलांची मरणे नको होती. त्या मुलांचे संग्रहालय ओकिनावात नाहा शहरात २००४ साली उभे राहिले. होनोलुलूहून तिथे दिवसाची सहल निघत नाही.

परत येताना बस शहरातून इओलानी राजवाड्यावरून गेली. "अमेरिकेच्या भूमीवर राजघराणे जिथे राहिले असा राजवाडा," एवढे एक वाक्य आणि खिडकीतून फोटो. मैत्रिणींनो, इथे बस थांबवायला हवी होती. कारण पर्ल हार्बर अमेरिकेच्या नौदलाकडे आले कसे, ही गोष्ट या वाड्यातली आहे आणि ती एका बाईची आहे. बंदर वापरण्याचा एकाधिकार अमेरिकेने १८८७ साली करारातून मिळवला. तिथली राणी लिलिउओकलानी हिला जानेवारी १८९३ मध्ये ऊसमळेवाल्यांच्या आणि व्यापाऱ्यांच्या टोळीने पदच्युत केले, तेव्हा अमेरिकन युद्धनौका 'बोस्टन'वरचे सैनिक शस्त्रे घेऊन शहरात उतरलेले होते. १८९५ मध्ये तिला याच वाड्याच्या एका खोलीत जवळजवळ आठ महिने कैदेत ठेवले. त्या कैदेत तिने आणि तिच्या सोबतिणीने रेशमी तुकड्यांची गोधडी शिवली आणि त्यावर आपल्या राज्याच्या हकीकती टाक्यांनी लिहिल्या. गोधडी वाड्यात आजही आहे. १८९७ मध्ये विलीनीकरणाविरुद्ध हवाईच्या लोकांनी २१ हजारांहून अधिक सह्यांचा अर्ज केला. त्या सह्या गोळा करणाऱ्यांत बायकांचा स्वतंत्र संघ होता. सह्यांच्या मोहिमेत उन्हातान्हात फिरलेल्या आपल्यापैकी कुणालाही त्या आकड्याचे मोल कळेल. १८९८ ला विलीनीकरण झालेच. १९९३ साली अमेरिकी संसदेने माफी मागितली. बंदर परत दिले नाही.

नौदलाच्या स्मारकाचे कॅलेंडर १९४१ ला सुरू होते, १८९३ ला होत नाही. इथे आपल्यावर अन्याय झाला हे त्यांना दिसते. हे बंदर कुणाचे होते हे विचारायची वेळ येत नाही.

वाड्यापासून चालत जाण्याच्या अंतरावर हॉटेल स्ट्रीट आहे. बस तिकडे वळत नाही. दोन दिवसांनी मी एकटी गेले. आज तिथे खानावळी आणि दुकाने आहेत, पाटी कुठे दिसली नाही. युद्धकाळात या भागातल्या कुंटणखान्यांत सुमारे २५० बायका पोलिसांकडे नोंदलेल्या होत्या. कागदोपत्री त्यांचा धंदा 'मनोरंजन', वर्षाचा परवाना एक डॉलर. वेश्याव्यवसाय कायद्याने गुन्हा होता आणि चालवत होते पोलीस, लष्कराच्या संमतीने. तीन डॉलर, तीन मिनिटे आणि बाहेर फुटपाथवर खलाशांची लांब रांग. एकेका बाईकडे दिवसाला शंभरापर्यंत पुरुष. बायकांची ठराविक दिवशी सक्तीची तपासणी. वाइकिकीच्या किनाऱ्यावर जायचे नाही, गाडी किंवा घर घ्यायचे नाही, सैनिकाशी लग्न करायचे नाही, रात्री साडेदहानंतर बाहेर दिसायचे नाही. नियम मोडला तर मारहाण. हल्ल्याच्या दिवशी यांच्यापैकी कित्येकींनी जखमींची शुश्रूषा केली, रक्त दिले, आपल्या खोल्या त्यांच्यासाठी उघडल्या.

ऑगस्ट १९४२ मध्ये या बायकांनी संप केला. लष्करी कायदा लागू असताना पोलीस मुख्यालयाबाहेर जवळजवळ तीन आठवडे त्या फलक घेऊन फिरल्या. मागणी पैशांची नव्हती. कुंटणखान्याबाहेर राहायचा आणि इतरांसारखे शहरात वावरायचा हक्क त्या मागत होत्या. लष्कराने तो मान्य केला, कारण रांग थांबवणे परवडणारे नव्हते. जीन ओ'हारा नावाच्या एकीने १९४४ मध्ये आपल्या अनुभवांची पुस्तिका छापली. त्याच वर्षी सप्टेंबरात गव्हर्नरने सगळे कुंटणखाने बंद केले. युद्ध तोवर पश्चिमेकडे दूर सरकले होते, बंदरातली गर्दी ओसरत होती, आणि नीतिमत्तेची आठवण नेमकी तेव्हा झाली. चालवताना या बायकांना कुणी विचारले नव्हते, बंद करतानाही नाही.

इथे एक फरक स्पष्ट केला पाहिजे. जपानी सैन्याने कोरिया, चीन, फिलिपाईन्समधल्या मुलींना पळवून, फसवून सैनिकांसाठी कोंडले. १४ ऑगस्ट १९९१ रोजी किम हाक-सून या कोरियन बाईने ते जगापुढे उघडपणे सांगितले. ती गुलामगिरी होती. होनोलुलूतल्या बहुतेक बायका अमेरिकेतून कमाईसाठी आलेल्या होत्या आणि त्यांनी पैसाही केला. दोन्ही एकच म्हणणे हा किम हाक-सूनवर अन्याय होईल. पण बाईचे शरीर हा सैन्याचा शिधा आहे, हे गृहीतक दोन्ही बाजूंच्या सैन्यांना मान्य होते.

हे आपल्याला सांगायचे कारण आहे. 'लायसन्स द्या, तपासणी सक्तीची करा, प्रश्न सुटेल,' असे दर दोन-तीन वर्षांनी आपल्याकडे कुणीतरी म्हणते. बैठकींत अगदी सद्भावनेने म्हणणारेही भेटतात. इंग्रजांनी आपल्या गोऱ्या सैनिकांसाठी हे इथे करून पाहिलेले आहे. १८६८ चा सांसर्गिक रोग कायदा, बायकांची नोंदणी, तपासणी, लॉक हॉस्पिटल. १८८८ ला तो रद्द झाला. तपासणी नेहमी बाईचीच, कारण राखायचे असते ते गिऱ्हाईकाचे आरोग्य. होनोलुलूच्या परवान्याने बाईला एकही हक्क दिला नाही. जो मिळाला तो संपाने मिळाला. १९ मे २०२२ रोजी सर्वोच्च न्यायालयाने पोलिसांना या स्त्रियांशी सन्मानाने वागायला सांगितले, तेव्हा आमच्या वस्तीतली एक मावशी म्हणाली, "कागद लॅमिनेट करून आणा, हवालदाराला दाखवायला." लायसन्स नको, असा कागद हवा. माझे मत एवढेच आहे आणि त्यावर वाद घालायला मी तयार आहे.

आता मुंबईकडे. दक्षिण मुंबईत १९४६ च्या नाविक उठावाचे स्मारक आहे. १८ फेब्रुवारीला 'तलवार' या नाविक तळावरून सुरू झालेला उठाव शहरात पसरला. २२ तारखेला गिरणी कामगार खलाशांच्या बाजूने रस्त्यावर आले. गोळीबारात दोनशेहून अधिक माणसे मेली. परळमध्ये कमल दोंदे गोळी लागून मेल्या. कम्युनिस्ट कार्यकर्त्या, नाविक नव्हेत. त्यांच्यासोबतच्या कुसुम रणदिवे जखमी झाल्या. खलाशांसाठी मेलेली ही बाई आपल्यापैकी किती जणींना नावाने माहीत आहे? आमच्या गटात मी विचारले, तेव्हा अठरापैकी दोन हात वर झाले.

म्हणून प्रस्ताव असा. येत्या २२ फेब्रुवारीला एक दिवसाची फेरी काढावी. सकाळी नाविक उठावाचे स्मारक, दुपारी बंदराला लागून असलेल्या गल्ल्या, तिथून कामाठीपुरा, संध्याकाळी परळ. गाईड आपणच. कामाठीपुऱ्यात काय सांगायचे आणि काय नाही, हे तिथल्या बायकांना विचारून ठरवायचे. त्यांना नको असेल तर तिथे थांबायचे नाही. परळमधल्या जुन्या गिरणी कामगार कुटुंबांत १९४६ च्या आठवणी ऐकून असलेले कुणी तुमच्या ओळखीचे असेल, तर डिसेंबरच्या बैठकीआधी कळवा. त्यांच्याकडे मी स्वतः जाईन. वर्गणी बसभाड्यापुरती, मुले बरोबर आणली तरी चालतील.