जलशाचा वारसा नव्या कलेत ओळखा!

'याला कला म्हणायचे? ना चौकट, ना रंग. कुणी अंग हलवतो, भिंतीवर चित्रफीत चालते, जमिनीवर वस्तू मांडलेल्या. यात चळवळीचे काय?' नव्या कलेविषयी आपल्या कार्यकर्त्यांत हा सूर हमखास निघतो. आम्हाला तो मान्य नाही.

मुंबईचा अमोल के. पाटील (जन्म १९८७) हा कलावंत याच वाटेने काम करतो. आजोबा पोवाडे रचणारे, वडील नाटककार. शहर साफ करणाऱ्या कामगाराचा देह, त्याची कातडी, त्याची चाळ हा त्याच्या कलेचा विषय. जर्मनीतील कासेल येथे दर पाच वर्षांनी भरणाऱ्या 'डॉक्युमेंटा' या जगप्रसिद्ध प्रदर्शनात २०२२ साली त्याची 'ब्लॅक मास्क्स ऑन रोलर स्केट्स' ही मांडणी झाली. २०२३ साली लंडनच्या हेवर्ड गॅलरीने त्याचे प्रदर्शन भरवले. हाताने मैला उचलण्यावर २०१३ च्या कायद्याने बंदी आहे, तरी माणसे गटारात गुदमरून मरतात. समाजाने नजरेआड केलेला तो देह हा कलावंत जगापुढे उभा करतो.

हे आम्हा नाशिककरांना नवे का वाटावे? २ मार्च १९३० रोजी काळाराम मंदिराचा सत्याग्रह सुरू झाला. ज्या देहाचा विटाळ मानला, तोच देह घेऊन आपली माणसे बंद दारापुढे उभी राहिली. त्याच दशकात भीमराव कर्डकांचा जलसा गावोगाव फिरला. सिन्नर तालुक्यातील देशवंडीचे वामनदादा पुढे गाणे घेऊन वस्त्यावस्त्यांत गेले. देह, आवाज आणि समोरचा माणूस हेच त्यांचे साहित्य होते. आज त्यात कॅमेरा आला, इतकेच.

मात्र एक प्रश्न उरतोच. कासेलने पाहिले, लंडनने पाहिले. नाशिकच्या सफाई कामगाराने काय पाहिले? आपली वेदना श्रीमंतांच्या दालनात शोभेची वस्तू होऊ शकते, हा धोका आम्ही नाकारत नाही. पण त्यावर उपाय बहिष्कार नव्हे. जलसा वस्तीत जन्मला, वस्तीनेच त्याला जाब विचारला, म्हणून तो खरा राहिला. नव्या कलावंतालाही हा जाब विचारणारा प्रेक्षक हवा, आणि तो आपणच देऊ शकतो.

१४ एप्रिलला डीजेवर उधळल्या जाणाऱ्या पैशातला थोडा भाग बाजूला काढा. विहारात पडदा लावा. कलावंताला बोलवा. पहिल्या रांगेत सफाई कामगारांना सन्मानाने बसवा आणि त्यांना बोलू द्या. कलामहाविद्यालयात शिकणाऱ्या आपल्या मुलामुलींना 'यात पोट भरेल का?' एवढेच विचारू नका. 'काय सांगायचे आहे?' हेही विचारा.

आपल्या कलावंताला आपण ओळख दिली नाही, तर त्याची किंमत बाजार ठरवील. ती वेळ येऊ देऊ नका.