चित्र घेणाऱ्याचे ऋण

आमच्या खंडेराव मार्केटची भव्य वास्तू श्रीमंत सयाजीराव महाराजांनी १९०६ साली उभारली. बडोद्यास येणारा पाहुणा तिच्या दर्शनी भागाचे छायाचित्र घेतल्यावाचून सहसा परतत नाही. परंतु मागच्या बाजूस भाजी आणि फुले विकणाऱ्या माणसांकडे कितीजणांचे लक्ष जाते? गेल्या दिवाळीपूर्वी शालेय प्रकल्पासाठी आम्ही तेथे गेलो व एका वृद्ध फूलवालीसमोर मोबाइल धरला. हातातली झेंडूची माळ तशीच ठेवून ती म्हणाली, "फोटो पाडीने अमने शुं मळशे, भाई?" आम्हांस उत्तर सुचले नाही.

विद्यार्थिमित्रहो, असाच जाब एका नामवंत अनुबोधपटकारासही विचारला गेला होता. आनंद पटवर्धन यांचा जन्म १९५० साली मुंबईत झाला. १९८५ सालच्या 'हमारा शहर' या अनुबोधपटात त्यांनी पदपथांवर व झोपड्यांत राहणाऱ्या श्रमिकांची, त्यांच्या पाडल्या जाणाऱ्या घरांची कहाणी मांडली. त्यात एक संतप्त स्त्री, गरिबांची चित्रे घेण्याचा हेतू काय, असे त्यांनाच खडसावते. दुसऱ्या कोणी तेवढा भाग कापून टाकला असता. पटवर्धनांनी तो राखला. त्या अनुबोधपटाला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. पण आमच्या मते त्यांचा खरा मोठेपणा पुढच्या वागण्यात आहे.

१९८६ साली नरिमन पॉइंटजवळील संजय गांधी नगर ही वस्ती पाडली गेली, तेव्हा ते रहिवाशांसमवेत उपोषणास बसले. अखेर त्या कुटुंबांना गोरेगावास पर्यायी जागा मिळाली. 'हमारा शहर'मध्ये गाणारे शाहीर विलास घोगरे यांनाही ते विसरले नाहीत. ११ जुलै १९९७ रोजी घाटकोपरच्या रमाबाई नगरात पोलिसांच्या गोळीबारात दहाजण मृत्युमुखी पडले. त्या दुःखाने घोगरे यांनी आपले जीवन संपविले. त्यांच्या समाजाची वेदना समजून घेण्यासाठी पटवर्धनांनी चौदा वर्षे चित्रण केले. त्यातून २०११ साली 'जय भीम कॉम्रेड' साकार झाला.

पटवर्धनांची मते सर्वांस पटतात असे नव्हे. आपले अनुबोधपट दूरदर्शनवर यावेत म्हणून त्यांना वारंवार न्यायालयाची पायरी चढावी लागली. चित्राने कोणाची भूक भागत नाही, हा आक्षेपही खोटा नाही. परंतु चित्र घेणारा त्या माणसाचा ऋणी होतो आणि ते ऋण फेडण्यास त्याने परत गेले पाहिजे, एवढे तरी हे उदाहरण शिकविते.

आज प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आहे. म्हणून आमची सूचना अशी की, ज्याचे छायाचित्र घ्यावयाचे त्याची आधी परवानगी घ्यावी, त्याचे नाव विचारावे, त्याचे चार शब्द ऐकावेत आणि छायाचित्राची एक प्रत त्याच्या हाती नेऊन द्यावी. आम्ही स्वतः पुन्हा खंडेराव मार्केटात गेलो, तो मोबाइल खिशातच ठेवून. त्या आजींचे नाव आता आम्हांस ठाऊक आहे. छायाचित्र मात्र अद्याप घेतलेले नाही.