सामाईक विहीर आणि सामाईक फाइली

आमच्या हट्टा गांवीं शेतांच्या वांटण्या किती झाल्या त्याची गणती नाहीं. परंतु वांटणी जमिनीची होते, विहिरीची होत नाहीं. भाऊ वेगळे निघाले तरी विहीर एकच राहते, तिच्या पाण्याच्या पाळ्या ठरतात, आणि सातबाऱ्याच्या इतर अधिकारांच्या रकान्यांत तिची नोंद होते. अशी विहीर बुजविण्यापूर्वीं ती नोंद वाचावी, हें आम्हांस लहानपणींच कळलें होतें. संगणकांतही अशीच सामाईक विहीर असते, हें मात्र गेल्या महिन्यांत कळलें, आणि तेंही ती बुजविल्यावर!

घरच्या संगणकावर हळदीच्या विक्रीचा हिशेब ठेवणारा एक प्रोग्राम आहे. अडगळ कमी व्हावी म्हणून आमच्या पुतण्यानें दुसराच एक जुना प्रोग्राम काढून टाकला. काढतांना पडद्यावर प्रश्न आला, कीं ही फाइल सामाईक आहे, ती आतां कोणी वापरीत असल्याचें दिसत नाहीं, तेव्हां काढूं काय? पुतण्यानें 'होय' म्हटलें. दुसऱ्या दिवशीं हिशेबाचा प्रोग्राम उघडेना. 'अमुक फाइल सांपडत नाहीं' एवढेंच तो सांगत राहिला. घरांतील वडीलधाऱ्यांनीं मुलास बोल लावला; पण आमच्या मतें दोष मुलाचा थोडा आणि नोंदीचा अधिक होता.

तो कसा, तें सांगतों. छापणें, अक्षरें काढणें, मजकूर आवळून लहान करणें हीं कामें बहुतेक प्रोग्रामांस लागतात. प्रत्येकानें आपली निराळी सामग्री आणली तर जागा फुकट जाते. म्हणून ती एकदांच तयार करून सर्वांसाठीं एका ठिकाणीं ठेवतात. विंडोजमध्यें अशा फाइलींस डीएलएल म्हणतात, आणि यंत्राच्या स्वतःच्या कामाच्या फाइली 'सिस्टीम ३२' नांवाच्या कोठींत असतात. कल्पना जुनीच आहे. केंब्रिज येथील एड्सॅक यंत्र १९४९ सालीं सुरू झालें; विल्क्स, व्हीलर व गिल यांनीं त्यासाठीं कागदी फितींवर असे तयार तुकडे जमवून त्यांचा संग्रह केला आणि १९५१ मध्यें त्यावर पुस्तकही प्रसिद्ध केलें.

आपल्या मराठीचेंच उदाहरण पाहा. 'दर्या' आणि 'दऱ्या' या शब्दांतील 'र' निरनिराळ्या तऱ्हेनें लिहावा लागतो. ही समज प्रत्येक प्रोग्रामास निराळी शिकवीत नाहींत. विंडोज २००० पासून देवनागरीची ही जुळणी यूएसपी१० नांवाची सामाईक फाइल करूं लागली. पुढें कांहीं प्रोग्रामांनीं तिची नवी प्रत आपल्याजवळ निराळी ठेवली, आणि तोच शब्द एका खिडकींत शुद्ध व दुसरींत मोडका दिसूं लागला. घरांत दोन पंचांगें असलीं म्हणजे एकादशीचा जसा घोळ होतो, तसाच हा प्रकार!

आतां नोंदीविषयीं. कोणती सामाईक फाइल कितीजण वापरतात, याचा आंकडा विंडोज ठेवतें. प्रोग्राम आला कीं आंकडा एकानें वाढावा, गेला कीं कमी व्हावा. परंतु एखाद्यानें येतांना नोंदच केली नाहीं, तर शेवटचा नोंदलेला गेल्यावर आंकडा शून्य होतो आणि चालती विहीर पडीक ठरते. आमच्या घरीं हेंच घडलें.

आमचा एक हिशेब अडला, एवढेंच. परंतु मोठ्या बँका व कचेऱ्या यांचीं हजारों यंत्रें एकाच ठिकाणाहून सांभाळणारे प्रोग्राम असतात. प्रत्येक यंत्रांत त्यांचा एक कारभारी बसविलेला असतो. मुख्य कचेरींतून हुकूम झाला कीं तो फाइली बदलतो. हा कारभारीही त्याच सामाईक फाइलींवर जगतो. त्या बिघडल्या, तर वैद्यच आधीं आजारी पडतो, आणि मग प्रत्येक यंत्रापाशीं माणूस धाडावा लागतो.

मग प्रत्येकानें आपली चूल निराळीच मांडावी काय? अलीकडे पुष्कळ प्रोग्राम तसें करितात, आणि त्यांत सोयही आहे. परंतु डिसेंबर २०२१ मध्यें लॉग४जे नांवाच्या सामग्रींत मोठें छिद्र सांपडलें, तेव्हां तिच्या प्रती असंख्य प्रोग्रामांच्या पोटांत दडलेल्या होत्या. एक सामाईक प्रत असती तर एकदां दुरुस्त करून भागलें असतें; येथें प्रत्येक घर धुंडाळावें लागलें.

उलट बाजूही खरी आहे. २९ मार्च २०२४ रोजीं आंद्रेस फ्रॉइंड या अभियंत्यानें जाहीर केलें, कीं मजकूर आवळणाऱ्या 'एक्सझेड' या सामाईक सामग्रींत कोणी चोरदरवाजा ठेविला आहे. दुरून यंत्रें सांभाळणाऱ्यांची वाटच त्यामुळें परक्याच्या हातीं गेली असती. दूरच्या यंत्रांत शिरतांना सुमारें अर्धा सेकंद अधिक लागतो, एवढ्यावरून त्यास संशय आला, आणि सर्वत्र पसरण्यापूर्वीं तें विष सांपडलें. ही सामग्री पुष्कळ वर्षें लासे कॉलिन हे गृहस्थ फावल्या वेळीं, विनावेतन, जवळजवळ एकट्यानें सांभाळीत होते. ते थकले होते. मदतीस आलेल्या 'जिया टॅन' या नांवाच्या व्यक्तीनें दोन वर्षांहून अधिक काळ नीट काम करून विश्वास मिळविला आणि मग घात केला.

हें वाचतांना आम्हांस आमच्या थोरल्या काकूंची आठवण झाली. कोठीच्या किल्ल्या त्यांच्या कमरेला असत. डाळ, तेल, लोणचें कोणास केव्हां लागेल याची सर्व नोंद त्यांच्या डोक्यांत होती. त्या पंधरा दिवस अंथरुणास खिळल्या, तेव्हां बावीस माणसांच्या घरास प्रथमच कळलें, कीं आपण कोणाच्या जिवावर जेवतों. तोंवर त्यांना "थकलांत काय?" असें कोणी विचारलेंही नव्हतें. विचारावयास हवें होतें.

सामाईक असणें हा दोष नव्हे. बेवारस असणें हा दोष आहे. सामाईक वस्तूस नोंद हवी, आणि तिला सांभाळणाऱ्या माणसाची कोणीतरी विचारपूस करावयास हवी. बाकी घरापुरतें एवढें पाळावें: सामाईक फाइल काढण्याचा प्रश्न आल्यास 'नाहीं' म्हणावें, आणि फाइल हरवलीच, तर ती भलत्या ठिकाणाहून उसनी न आणतां मूळ प्रोग्रामच पुन्हा बसवावा. आमच्या पुतण्यानें शेवटीं तेंच केलें आणि हिशेब उघडला. आतां घरच्या यंत्रावर कोणता प्रोग्राम केव्हां बसविला, याची एक वही त्यानें घातली आहे.