रोजेदार बाप

गेल्या रमजान ईदला जमलेली सगळी ईदी आमच्या मुलाने आमच्यासमोर मांडली आणि एकच हट्ट धरला, खाऱ्या पाण्याचा फिश टँक हवा. घाटकोपरच्या आमच्या दोन खोल्यांत गोड्या पाण्याची टाकी कित्येक वर्षे आहे. गप्पी, मॉली आम्हाला सांभाळता येतात. खाऱ्या पाण्याचे मासे म्हणजे पाण्यात मीठ टाकले की झाले, असा आमचा समज. रविवारी कुर्ल्याच्या बाजारात विचारपूस केली आणि शेवटी एका दुकानातून बंगाई कार्डिनल नावाच्या माशाची जोडी आणली. रुपेरी अंग, त्यावर तीन काळे पट्टे, पांढरे ठिपके, कात्रीसारखी दुभंगलेली शेपटी. अख्खा मासा बोटाएवढा.

तिसऱ्या महिन्यात जोडीतल्या एकाने खाणे सोडले. जबडा सुजल्यासारखा दिसे, दिवसभर कोपऱ्यात उभा. आम्ही ठरवून टाकले की तो आजारी आहे. वेगळ्या भांड्यात ठेवावा म्हणून जाळी घेऊन मागे लागलो. दोन मिनिटांच्या धावपळीत त्याने तोंड उघडले आणि साबुदाण्याएवढ्या नारिंगी अंड्यांचा पुंजका पाण्यात सांडला. एकही वाचले नाही.

"अब्बू, तो आजारी नव्हता," मुलगा म्हणाला, "त्याचा रोजा होता. आपण तोडला."

आम्ही शाळेत भाषा शिकवतो, विज्ञान नव्हे. पण त्या रात्रीनंतर या माशाविषयी मिळेल ते वाचून काढले. मादी अंडी घालते आणि नर ती तोंडात घेतो. सुमारे तीन आठवड्यांनी पिल्ले फुटतात, तरीही आणखी आठवडाभर किंवा त्याहून थोडे जास्त तो त्यांना तोंडातच ठेवतो. एवढे दिवस तो काही खात नाही.

या माशाचे मोठेपण त्यात आहे आणि संकटही त्यातच आहे. समुद्रातल्या बहुतेक माशांची पिल्ले प्रवाहाबरोबर दूर वाहत जातात आणि नव्या खडकांवर वस्ती करतात. बंगाईची पिल्ले बापाच्या तोंडातून बाहेर पडतात ती थेट त्याच अंगणात. ती लांब जात नाहीत. म्हणून एका खडकावरचे मासे पकडून संपवले, तर शेजारच्या बेटावरून नवे येऊन ती जागा भरतील अशी आशा फार कमी.

हा मासा मूळचा फक्त इंडोनेशियातल्या सुलावेसीच्या पूर्वेला असलेल्या बंगाई बेटांचा. उथळ पाणी, समुद्री गवत, प्रवाळ आणि लांब काट्यांचे समुद्री साळू हे त्याचे घर. संकट आले की तो साळूच्या काट्यांत शिरतो. १९२० मध्ये त्याचे नमुने गोळा झाले, १९३३ मध्ये त्याला शास्त्रीय नाव मिळाले आणि मग जग त्याला विसरले. १९९०च्या दशकाच्या मध्यात त्याचा पुन्हा शोध लागला आणि शौकिनांच्या बाजाराची नजर त्याच्यावर पडली. २००० नंतरच्या काही वर्षांत दरवर्षी सात ते नऊ लाख मासे पकडले जात, असा अभ्यासकांचा अंदाज आहे. २००७ मध्ये आययूसीएनने त्याला संकटग्रस्त ठरवले. आता ते साळूही माणूस उचलून नेतो, म्हणजे मासा उरला तरी घर उरत नाही.

हे दूरचे प्रकरण वाटेल, पण प्रवाळ आपल्या दारातही आहेत. हाजी अली आणि वरळीच्या खडकांवरचे प्रवाळ किनारी रस्त्याच्या कामासाठी २०२० मध्ये दुसरीकडे हलवावे लागले. आपल्या कायद्याने २००१ पासून दगडी प्रवाळ आणि समुद्री घोडे यांना वाघाइतकेच संरक्षण आहे. दुकानात कोणी "ओरिजिनल कोरल" किंवा समुद्री घोडा देऊ केला, तर हात जोडून बाहेर पडावे. टाकीत सजावट हवी तर सिरॅमिकची आणावी.

ज्या घरांत आधीच खाऱ्या पाण्याची टाकी आहे किंवा मुले हट्ट धरून बसली आहेत, त्यांच्यासाठी आमच्या चुकांतून शिकलेले चार शब्द. जोडीसाठी किमान सव्वाशे लिटरची टाकी हवी. दोन नर एकत्र ठेवले तर एक दुसऱ्याला मारून टाकतो. जुहूचे पाणी बाटलीत भरून आणू नये, आरओच्या पाण्यात समुद्री मीठ मिसळावे. टाकी भरल्यावर महिना-दीड महिना मासा न टाकता फिल्टर चालू ठेवावा, म्हणजे घाण पचवणारे जीवाणू तयार होतात. पाण्याची वाफ होते, मीठ मागे राहते, म्हणून रोजची तूट गोड्या पाण्याने भरावी. मे महिन्यात पंखा पाण्यावर सोडावा, कारण पाणी फार तापले की त्यातला प्राणवायू घटतो. आणि नराने खाणे सोडले, जबडा फुगला, तर जाळीला हात लावू नये. जीव कंटाळला म्हणून मासे समुद्रात किंवा खाडीत तर कधीच सोडू नयेत. इंडोनेशियातच व्यापाऱ्यांनी सोडलेल्या बंगाईंनी लेंबेहच्या सामुद्रधुनीत वस्ती केली, ती जागा त्यांची नव्हती.

यंदा रमजानच्या थोडे आधी आमच्या नराने पुन्हा तोंड मिटले. या वेळी आम्ही टाकीला जुनी ओढणी अर्धी टाकून आडोसा केला आणि घरात सर्वांना बजावले की काचेवर टकटक करायची नाही. पाचव्या आठवड्याच्या सुरुवातीला एका पहाटे, सहरीच्या वेळी, मुलाने हाक मारली. साळूऐवजी आम्ही उभ्या केलेल्या काळ्या प्लास्टिकच्या काट्यांत नखाएवढे छोटे बंगाई हलत होते. त्यांतले सहा जगले. चार आम्ही शाळेतल्या एका सहकाऱ्याच्या टाकीत दिले, पैसे न घेता.

हा मासा घरात वाढवता येतो, हेच त्याच्या बचावाचे मोठे साधन आहे. विदूषक मासे तर आता आपल्या देशातल्या सरकारी संशोधन केंद्रांतही तयार होतात. म्हणून दुकानात पाय ठेवल्यावर किमतीआधी एकच प्रश्न विचारावा: "चाचा, हा समुद्रातून पकडलेला की टाकीत जन्मलेला?" गिऱ्हाईक विचारू लागले की दुकानदारही पुढे विचारतो.

आमच्या पहिल्या जोडीबद्दल आम्ही हे विचारलेच नव्हते. त्या सहा पिल्लांच्या बाबतीत मात्र आम्हाला उत्तर ठाऊक आहे.